दोन खडकांचा ग्रह

भुताखेतांवर आमचा विश्वास नाही, हे वाचकांना ठाऊक आहे. तरीही या आठवड्यात भुतांचे चित्रपट काढणाऱ्या एका इटालियन माणसाविषयी लिहीत आहोत. त्याची भुते मंत्राने नव्हे, हाताने बनलेली होती.

मारिओ बावाचा जन्म सान रेमो येथे १९१४ साली झाला. बाप मूर्तिकार, पुढे मूकपटांचा कॅमेरामन आणि ट्रिक सीनचा कारागीर. मुलाला चित्रकार व्हायचे होते, पण तोही बापाच्याच धंद्यात शिरला.

१९५७ च्या 'इ वाम्पीरी'चा दिग्दर्शक रिकार्दो फ्रेदा चित्रीकरण अर्धवट टाकून निघून गेला. कॅमेरामन बावाने उरलेले काम पुरे केले. दिग्दर्शक म्हणून नाव मात्र फ्रेदाचेच लागले. या चित्रपटात एक देखणी बाई आपल्या डोळ्यांदेखत म्हातारी होते. युक्ती अशी, की चेहऱ्यावर सुरकुत्या लाल रंगाने काढायच्या आणि प्रकाशही लाल टाकायचा. लालात लाल दिसत नाही. मग दिव्यापुढची काच हळूहळू बदलायची, की सुरकुत्या काळ्या होऊन वर येतात. चित्रपट कृष्णधवल असल्यामुळे प्रकाशाचा रंग बदलला हे प्रेक्षकाला कळतच नाही. आमच्याकडचे बुवा लिंबातून रक्त काढून लोकांना पाया पडायला लावतात. या बावाने त्याहून मोठा चमत्कार करून फक्त मजुरी घेतली!

१९५९ साली आणखी दोन चित्रपट त्याने असेच दुसऱ्यांच्या नावावर निस्तरले. तेव्हा कुठे १९६० मध्ये, पंचेचाळिशी उलटताना, 'ला मास्केरा देल देमोनिओ' हा स्वतःच्या नावाचा चित्रपट मिळाला. गोगोलच्या कथेवरचा हा चित्रपट परदेशांतही गाजला.

१९६५ च्या अंतराळपटासाठी त्याच्याजवळ, त्याच्याच सांगण्याप्रमाणे, जुन्या पौराणिक चित्रपटातून उरलेले प्लॅस्टिकचे दोन खडक होते. आरसे आणि धूर वापरून त्यातून त्याने अख्खा ग्रह उभा केला. आम्ही कारकुनी माणसे, त्यामुळे १९६८ च्या 'दियाबोलिक'चा हिशेब आम्हाला जास्त भावला. निर्माता दिनो दे लाउरेंतीस तीस लाख डॉलर खर्चायला तयार होता. बावाने चार लाखांत काम उरकले, असे सांगतात. कमी पैशांत काम करून देणाऱ्याचे कौतुक फार होते, पगारवाढ होत नाही, हे कचेरीत बसणाऱ्याला वेगळे सांगायला नको.

पुढचे दिवस वाईट आले. मनापासून केलेल्या 'लिझा ए इल दियावोलो'ला गिऱ्हाईक मिळेना, म्हणून निर्मात्याने त्यात 'एक्झॉर्सिस्ट'च्या धर्तीचे प्रसंग घुसडून १९७५ मध्ये तो भलत्याच नावाने विकला. 'कानी अराब्बियाती' १९७४ मध्ये चित्रित झाला, पण निर्मात्याचे दिवाळे निघाले आणि फिल्म जप्तीत अडकली. १९८० च्या 'इन्फेर्नो'त दारिओ अर्जेंतोसाठी त्याने ट्रिक सीन करून दिले, तेही श्रेयनामावलीत नाव न लागता. त्याच वर्षी एप्रिलमध्ये तो रोममध्ये वारला.

जप्तीतला चित्रपट त्यात काम केलेल्या लेआ लांडर या नटीने खटपट करून सोडवला. तो लोकांपुढे आला तेव्हा बावाला जाऊन पंधरा वर्षे झाली होती.