अनुभव आमचा, सिद्धांत कोणाचा?

दलितांनी आत्मकथने लिहावीत आणि त्यावरचे सिद्धांत इतरांनी मांडावेत, अशी एक अलिखित श्रमविभागणी आपल्या विद्यापीठांत वर्षानुवर्षे सुखाने नांदत आली आहे. आमच्या भुकेवर, आमच्या अपमानावर प्रबंध होतात, पदव्या मिळतात. पण त्या भुकेचा आणि अपमानाचा अर्थ सांगण्याचा अधिकार मात्र आमच्याकडे येत नाही. प्रा. गोपाळ गुरू यांनी २००२ साली 'इकॉनॉमिक अँड पोलिटिकल वीकली'मध्ये नेमका हाच प्रश्न विचारला होता. भारतातील सामाजिक शास्त्रे कितपत समतावादी आहेत, असा तो सवाल होता. सिद्धांत सांगणारे ब्राह्मण आणि तपशील पुरविणारे शूद्र, अशी चातुर्वर्ण्याची नवी आवृत्ती ज्ञानक्षेत्रात तयार झाली आहे, हा त्यांच्या म्हणण्याचा आशय होता. प्रस्थापितांना तो झोंबला. झोंबणारच होता.

अनुभव म्हणजे नुसता कच्चा माल, की अनुभवातच ज्ञानाचा पाया असतो, या प्रश्नावर युरोपात शंभरहून अधिक वर्षे एक मोठी विचारधारा उभी आहे. तिचे नाव फेनॉमेनॉलॉजी. नाव अवघड आहे. मुद्दा अवघड नाही. जग आपल्याला प्रत्यक्ष जगताना जसे जाणवते, तिथून विचाराला सुरुवात करायची, हा तो मुद्दा. चळवळीच्या वाचकाने या विचारधारेकडे डोळसपणे पाहणे का गरजेचे आहे, हे सांगण्यासाठी हा लेख.

या विचाराचे प्रवर्तक एडमुंड हुसर्ल. जन्म १८५९, मोराव्हियातील (आजच्या चेक प्रजासत्ताकातील) एका ज्यू कुटुंबात. मूळचे गणिताचे अभ्यासक. १९००-०१ मध्ये त्यांचा 'लॉजिकल इन्व्हेस्टिगेशन्स' हा ग्रंथ दोन भागांत आला आणि या विचाराचा पाया घातला गेला. त्यांचे म्हणणे थोडक्यात असे : आपली जाणीव कधीच रिकामी नसते, ती नेहमी कशाची तरी जाणीव असते. एखादी गोष्ट समजून घ्यायची तर तिच्याबद्दलचे आपले पूर्वग्रह आणि गृहीतके काही काळ बाजूला ठेवा, आणि ती आपल्याला कशी जाणवते ते बारकाईने न्याहाळा.

वकिलीतले उदाहरण देतो. घटनास्थळाचा पंचनामा होतो. लांबी, रुंदी, दिशा, जप्त वस्तू, सारे त्यात असते. पण त्या जागी उभ्या असलेल्या माणसाला पुढे गाव आणि मागे बंद दरवाजा दिसत असताना काय वाटत होते, ते पंचनाम्यात नसते. पंचनामा खोटा नसतो. पण तो ज्या जगण्यावर उभा आहे, ते जगणे त्यातून गळालेले असते. विज्ञान मोजमापात इतके गुंतले, की ते माणसाच्या जगण्यातून उगवले याचाच त्याला विसर पडला, असे हुसर्ल यांनी १९३६ मध्ये युरोपच्या अरिष्टावर लिहिताना सांगितले. ते लिखाण जर्मनीत नव्हे, तर बेलग्रेडच्या एका नियतकालिकात छापले गेले. का? याचे उत्तर आपल्यासाठी फार महत्त्वाचे आहे.

हुसर्ल यांनी १८८६ मध्येच ख्रिस्ती धर्म स्वीकारला होता. त्यांचा एक मुलगा पहिल्या महायुद्धात जर्मनीसाठी लढताना १९१६ मध्ये मारला गेला होता. पण १९३३ मध्ये हिटलर सत्तेवर आला आणि नाझींनी ना धर्म पाहिला, ना देशासाठीचा त्याग. त्यांनी जन्म पाहिला. जन्मावरून माणसाची पायरी ठरविणे म्हणजे काय, हे आपल्या वाचकाला समजावून सांगण्याची आवश्यकता नाही. ज्या फ्रायबर्ग विद्यापीठाचे नाव या प्राध्यापकाने जगभर केले, त्याच विद्यापीठातून त्याला बाहेरची वाट दाखविण्यात आली.

आणि त्याच एप्रिल १९३३ मध्ये त्या विद्यापीठाचे रेक्टर कोण झाले? हुसर्ल यांचेच लाडके सहकारी मार्टिन हायडेगर. हुसर्ल यांच्या निवृत्तीनंतर १९२८ मध्ये त्यांच्याच जागी ते प्राध्यापक झाले होते. १ मे १९३३ रोजी त्यांनी नाझी पक्षात प्रवेश केला आणि १९४५ पर्यंत ते सभासद राहिले. 'बीइंग अँड टाइम' हा त्यांचा १९२७ चा ग्रंथ हुसर्ल यांना अर्पण केलेला होता. १९४१ च्या आवृत्तीतून ती अर्पणपत्रिका गायब झाली. २०१४ पासून त्यांच्या खासगी वह्या प्रकाशित होऊ लागल्या आणि त्यांतला ज्यूद्वेष जगासमोर आला. हुसर्ल १९३८ मध्ये वारले. त्यांची सुमारे ४० हजार पानांची हस्तलिखिते व्हॅन ब्रेडा नावाच्या एका बेल्जियन धर्मगुरूने त्याच वर्षी जर्मनीबाहेर काढून लुव्हेन येथे नेली, म्हणून ती वाचली.

लक्षात घ्या, हायडेगर हा सामान्य कुवतीचा माणूस नव्हता. माणूस जगात असतो म्हणजे नेमके काय, यावर विसाव्या शतकात त्याच्याइतके खोल लिहिणारे फार थोडे झाले. 'बीइंग अँड टाइम' आला त्याच १९२७ साली, २० मार्च रोजी, महाडच्या चवदार तळ्यावर बाबासाहेबांनी ओंजळभर पाणी उचलले. एकाला दुसऱ्याची खबर असण्याचे कारण नव्हते. पण माणूस म्हणून जगात असणे म्हणजे काय, याचे उत्तर त्या वर्षी तळ्याच्या काठावरही दिले जात होते, आणि ते समतेसह दिले जात होते. समतेचा आधार नसलेली विद्वत्ता कुठे जाऊन पोहोचते, ते फ्रायबर्गने दाखविले.

फेनॉमेनॉलॉजी मात्र तिथे संपली नाही. ती छळलेल्यांच्या हाती गेली आणि तिथे तिला धार आली. इमॅन्युएल लेव्हिनास हे लिथुआनियात जन्मलेले ज्यू. फ्रेंच सैनिक म्हणून ते युद्धकैदी झाले. तिकडे लिथुआनियातील त्यांचे वडील आणि भाऊ मारले गेले. १९६१ च्या ग्रंथात त्यांनी सांगितले, की समोरच्या माणसाचा चेहरा आपल्यावर जी जबाबदारी टाकतो, ती सर्व तत्त्वज्ञानाच्या आधीची आहे. मॉरिस मेर्लो-पाँती यांनी १९४५ मध्ये शरीराला विचाराच्या केंद्रस्थानी आणले. सिमोन द बोव्हुआर यांनी १९४९ मध्ये हीच दृष्टी स्त्रीच्या जगण्यावर रोखली.

आणि १९५२ मध्ये फ्रांझ फॅनन आला. मार्टिनिक बेटावरचा काळा तरुण, फ्रान्समध्ये लिऑन येथे वैद्यकशास्त्र शिकणारा, मेर्लो-पाँती यांची व्याख्याने ऐकलेला. गुरुजन सांगत होते, की शरीर ही जगात वावरण्याची आपली सहज शक्ती आहे. फॅननने विचारले, कोणाचे शरीर? गाडीत एक गोरे पोर बोट दाखवून आईला सांगते, की मला या काळ्याची भीती वाटते. त्या क्षणी माझे शरीर माझे राहत नाही, ते त्यांच्या नजरेतले शरीर होते. पूर्वग्रह बाजूला ठेवा, हे सांगणे ज्याच्या अंगावर पूर्वग्रह येऊन आदळत नाहीत त्याला सोपे असते. ज्याच्यावर ते आदळतात, त्याने ते कुठे ठेवायचे? फॅननच्या या हरकतीने अख्खी विचारधारा अधिक प्रामाणिक झाली.

पुढे देरिदा आणि फुको यांनी या विचारावर कडक टीका केली. अनुभव स्वतःहून काही सांगत नाही. त्याला भाषा घडवते, सत्ता घडवते, असे त्या टीकेचे सार. ही टीका रास्त आहे. पण टीका पचवून ही धारा आज पुन्हा जोमात आहे. वंश, लिंग, अपंगत्व, तुरुंग यांचा अभ्यास तिच्या साहाय्याने होत आहे. लिसा ग्वेंथर यांनी २०१३ मध्ये अमेरिकेतील एकांत कोठडीवर लिहिले, तेव्हा हुसर्ल, मेर्लो-पाँती आणि लेव्हिनास यांच्याच आधारे दाखविले, की माणसाला माणसांपासून तोडले की त्याचे जगच मोडून पडते.

आता आपल्याकडे येऊ. आपल्या अंगावर लादलेला शब्दच मुळी 'अस्पृश्य', स्पर्शाविषयीचा. मेर्लो-पाँती सांगतात, की आपला एक हात दुसऱ्या हाताला लावला, तर स्पर्श करणारा हात स्वतःही स्पर्शिला जातो. स्पर्श एकतर्फी असूच शकत नाही. हा धागा घेऊन सुंदर सरुक्काई यांनी २००९ मध्ये अस्पृश्यतेची फेनॉमेनॉलॉजी मांडली आणि रोग कुठे आहे ते दाखविले. रोग ज्याला शिवत नाहीत त्याच्यात नाही. जो शिवायला नकार देतो त्याच्यात आहे. गुरू आणि सरुक्काई यांचा वाद-संवाद २०१२ मध्ये 'द क्रॅक्ड मिरर' या ग्रंथात एकत्र आला. जो अनुभव नाकारण्याची किंवा सोडून जाण्याची मुभाच नसते, तो खरा भोगलेला अनुभव, असा एक विचार त्यात आहे. चार दिवस वस्तीत राहून परतणाऱ्या अभ्यासकाने हा फरक ध्यानात ठेवला तरी पुष्कळ झाले.

बाबासाहेबांनी 'वेटिंग फॉर अ व्हिसा'मध्ये १९०१ सालचा बैलगाडीचा प्रसंग नोंदविला आहे. गाडीवानाने दुप्पट भाडे घेतले, पोरांना गाडी हाकायला लावली आणि स्वतः बाजूने पायी चालत राहिला. स्वतःच्याच गाडीतून उतरून चालणारा तो माणूस म्हणजे सरुक्काईंच्या सिद्धांताचा बोलका पुरावा! पण बाबासाहेब प्रसंग सांगून थांबले नाहीत. हुसर्ल युरोपच्या अरिष्टावर लिहीत होते, त्याच १९३६ मध्ये त्यांनी 'जातिप्रथेचे निर्मूलन' प्रसिद्ध केले. अनुभवही त्यांचा आणि सिद्धांतही त्यांचाच. ती श्रमविभागणी त्यांनी एकहाती मोडून काढली होती. आपण ती पुन्हा जोडू देता कामा नये.

इथे दोन धोक्यांपासून सावध राहिले पाहिजे. पहिला धोका, अनुभव आला म्हणजे झाले, असे मानण्याचा. अनुभव तर सर्वांनाच असतो. आरक्षणामुळे आपल्यावर अन्याय झाला, हाही कुणाचा तरी 'अनुभव'च असतो. कोर्टात फिर्यादीची वेदना खरी असली तरी ती शब्दांत मांडावी लागते, उलटतपासाला टिकवावी लागते. अत्याचार प्रतिबंधक कायद्यातील जातीय अपमानाचा गुन्हा लोकांच्या दृष्टीस पडेल अशा ठिकाणीच घडावा लागतो. सर्वोच्च न्यायालयाने २०२० मध्ये हितेश वर्मा प्रकरणात तेच सांगितले. चार भिंतींआड जळलेल्या मनाचे काय, हा प्रश्न उरतोच. पण त्याचे उत्तर आक्रोशाने नव्हे, विचाराच्या ताकदीने मिळवावे लागेल. दुसरा धोका, हे सारे आमच्या बुद्धाने आधीच सांगितले होते, असे म्हणून पुस्तक मिटण्याचा. हुसर्ल यांनी १९२५ मध्ये बुद्धवचनांच्या जर्मन भाषांतरावर आदराने लिहिले होते, हे खरे. पण 'एहिपस्सिको', या आणि स्वतः पाहा, असे सांगणाऱ्या धम्माचा अनुयायी पाहण्याचे श्रम टाळू शकत नाही.

म्हणून आपल्या तरुणांना सांगणे आहे. तत्त्वज्ञानाचे वर्ग ओस पडले म्हणून तिकडे पाठ फिरवू नका. हुसर्ल वाचा, फॅनन वाचा, गुरू-सरुक्काई वाचा. आत्मकथन जरूर लिहा, पण त्यावरची प्रस्तावना कुणा दुसऱ्याकडे मागायला जाऊ नका. जखम आमची आहे. तिचे निदानही आम्हीच करू.