निष्काळजीपणा कोणाचा, भार कोणावर?

मुंबई-अहमदाबाद महामार्ग आमच्या गावांच्या कडेने जातो आणि त्याची किंमत आमच्या गावांना ठाऊक आहे. घरचा कर्ता पुरुष अपघातात गेला की पहिले काही दिवस अंत्यविधी, मिस्सा आणि पाहुण्यांचे सांत्वन यांतच सरतात. मग कोणीतरी वकिलाचा पत्ता घेऊन येतो आणि शोकाकुल विधवेची सही कोऱ्या कागदावर घेतली जाते. पुढे वर्ष-दोन वर्षांनी तीच बाई कागदांची पिशवी घेऊन धर्मगुरूंच्या निवासावर येते, तेव्हा दावा नेमका कशावर अडला हे तिला सांगता येत नाही. म्हणून या रुक्ष वाटणाऱ्या विषयाचा ऊहापोह करणे आम्हांस अगत्याचे वाटते.

मोटार वाहन कायदा, १९८८ याने पीडितांपुढे दोन वाटा ठेवल्या आहेत. पहिली कलम १६४ ची. हे कलम आजच्या स्वरूपात १ एप्रिल २०२२ पासून लागू आहे. मृत्यूस पाच लाख व गंभीर दुखापतीस अडीच लाख रुपये, आणि दोष कोणाचा हे सिद्ध करण्याची गरज नाही. दुसरी वाट कलम १६६ ची. येथे समोरच्या चालकाचा निष्काळजीपणा दाखवावा लागतो, मात्र रकमेला कमाल मर्यादा नाही. घाईत पहिली रक्कम स्वीकारली की दुसरा दावा संपुष्टात येतो, ही गोष्ट फारच थोड्यांना माहीत असते.

दुसऱ्या वाटेने किती मिळू शकते? समजा, अडतीस वर्षांचा एक टेम्पोचालक दरमहा पंधरा हजार रुपये कमावत होता. वर्षाचे झाले एक लाख ऐंशी हजार. सर्वोच्च न्यायालयाच्या घटनापीठाने २०१७ साली ठरविल्यानुसार, स्वयंरोजगार करणारा चाळिशीच्या आत असल्यास भावी उन्नतीपोटी त्यात चाळीस टक्के मिळवायचे. म्हणजे २,५२,००० रुपये. घरी पत्नी, दोन मुले व आई असे चौघे अवलंबित, म्हणून मृताच्या स्वतःच्या खर्चापोटी एक चतुर्थांश वजा. उरले १,८९,०००. या वयाचा गुणक २००९ च्या निवाड्याप्रमाणे पंधरा. एकूण २८,३५,००० रुपये. अंत्यविधी, सहवासाची हानी इत्यादींच्या ठरीव रकमा वेगळ्या.

आता निष्काळजीपणाचा प्रश्न येतो. मृताचाही निम्मा दोष होता असे न्यायाधिकरणाने धरले, तर वरील रक्कम चौदा लाखांवर येते. एका वाक्याने चौदा लाख जातात, आणि ते वाक्य पुष्कळदा घाईघाईत लिहिलेल्या पंचनाम्यातून उचललेले असते. वस्तुतः केवळ अपघातानंतरच्या वाहनांच्या स्थितीवरून मृताचा दोष गृहीत धरता येत नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने २०१३ साली म्हटले आहे. दुचाकीवर तिघे बसले होते म्हणून आपोआप मागच्याची भरपाई कापता येत नाही. तिघे बसल्यामुळेच अपघात घडला हे दाखवावे लागते (२०२०). तिघांनी बसावे असे आम्ही मुळीच सुचवीत नाही! फौजदारी खटल्यासारखा निःसंशय पुरावाही येथे लागत नाही; काय घडले असण्याचा संभव अधिक, एवढेच पाहिले जाते. तेव्हा प्रत्यक्ष पाहणाऱ्याची साक्ष पंचनाम्याहून मोलाची ठरू शकते. दुर्दैवाने असा साक्षीदार 'कोर्टाची भानगड नको' म्हणून गप्प बसतो. तो अनेकदा आपल्याच आळीतला असतो.

दोन वाहनांच्या चुकीने तिसरा मेला असेल, तर त्याच्या वारसांना दोहोंपैकी कोणाकडूनही पूर्ण रक्कम मागता येते. वाटणी त्या दोघांनी आपसांत करावी.

दोष ठरला तरी पैसे कोण देणार हा प्रश्न उरतोच. चालकाचा परवाना बनावट वा मुदतबाह्य होता असे म्हणून विमा कंपनी हात झटकू पाहते. २००४ च्या निवाड्यानुसार तेवढे पुरेसे नाही; वाहनमालकाने जाणूनबुजून वा हयगयीने अट मोडली हे कंपनीने सिद्ध करावयाचे असते. ते सिद्ध झाले तरी न्यायाधिकरण कंपनीस आधी पीडिताला पैसे देण्यास व नंतर मालकाकडून वसूल करण्यास सांगू शकते.

याउलट काही ठिकाणी कंपनी खरोखरच सुटते, आणि तेथे आमचे लोक हमखास सापडतात. मालवाहू टेम्पोत बसून लग्नाला वा यात्रेला जाणारी मंडळी कायद्याच्या दृष्टीने फुकट प्रवासी होत. अनिवार्य विम्यात त्यांना संरक्षण नाही. मालाचा मालक वा त्याचा प्रतिनिधी मालासोबत असेल तर गोष्ट निराळी. केवळ थर्ड पार्टी विमा असलेल्या मोटारसायकलच्या मागे बसलेल्या मित्राचेही तेच. तेथे निवाडा बाजूने लागला तरी वसुली टेम्पोवाल्याकडून वा मित्राकडून करावयाची, आणि त्याच्यापाशी बहुधा हप्त्यावर घेतलेल्या त्या वाहनापलीकडे काही नसते. आमच्या धर्मग्रामांतून सणाच्या दिवसांत असे टेम्पो भरून निघतात. ते ठरविणाऱ्या कार्यकर्त्यांनी बसच्या भाड्याचा विचार करताना ही बाजूही हिशेबात धरावी.

मुदतीविषयी एक सूचना. २०२२ पासून दावा अपघातापासून सहा महिन्यांत करावा अशी तरतूद पुन्हा आली आहे. तिच्या वैधतेस सर्वोच्च न्यायालयात आव्हान दिले गेले. परंतु त्या भरवशावर कोणी थांबू नये. दावा आपण राहतो त्या भागातील न्यायाधिकरणातही करता येतो, अपघात कोठेही घडलेला असो. आणि पोलिसांनी तीन महिन्यांच्या आत न्यायाधिकरणाकडे पाठवावयाचा अपघात अहवाल खरोखर गेला की नाही, याची चौकशी पोलीस ठाण्यात जाऊन घरच्यांपैकी कोणीतरी अवश्य करावी.