देव्हाऱ्यातली आई आणि फडातली आई

या देशात मातृत्वाइतकी स्तुती दुसऱ्या कोणत्याही श्रमाच्या वाट्याला आलेली नाही, आणि इतका तुटपुंजा मोबदलाही दुसऱ्या कोणत्या श्रमाला मिळालेला नाही. वरवर पाहणाऱ्यास या दोन गोष्टी परस्परविरोधी वाटतील. वस्तुतः त्या एकाच व्यवस्थेच्या दोन बाजू आहेत. ज्याचे ऋण फेडायचे नसते त्याला देव म्हणण्याची युक्ती फार जुनी आहे. देवाला नैवेद्य दाखवायचा आणि तो घरातल्यांनी खायचा, ही रीत सर्वांच्या परिचयाची आहे. मातेच्या बाबतीत समाजाने आणि शासनाने हीच रीत पाळली आहे.

ही गोष्ट तात्त्विक चर्चेतून सिद्ध करण्याची गरज नाही. दसरा-दिवाळी उलटली की बीड जिल्ह्यातून ऊसतोडीला निघणाऱ्या टोळ्यांकडे पाहिले तरी पुरे. तुळजापूर आणि माहूर या आदिमातेच्या क्षेत्रांनी पावन झालेल्या मराठवाड्यातल्याच या स्त्रिया. त्यांना मुकादम माणूस म्हणूनसुद्धा मोजत नाही; नवरा-बायको मिळून एक ‘कोयता’ धरला जातो, उचल त्या कोयत्यावर दिली जाते आणि ती बहुधा पुरुषाच्या हाती पडते. पहाटे फडात उतरायचे, ऊस तोडायचा, मोळ्या बांधायच्या, त्या डोक्यावर घेऊन गाडी भरायची, आणि परतल्यावर कोपीत चूल पेटवायची. एक दिवस चुकला तर खाडा, आणि खाड्याचे पैसे उचलीतून कापले जाणार. मासिक पाळी हा खाडा, गर्भारपण हा खाडा, बाळंतपण हाही खाडाच! ज्या शरीराची महती कीर्तनातून गायली जाते, ते शरीर येथे दंडास पात्र ठरते.

या दंडातून सुटण्यासाठी स्त्रियांनी काय केले, हे २०१९ साली उघड झाले. विधान परिषदेच्या तत्कालीन उपसभापती नीलम गोऱ्हे यांच्या अध्यक्षतेखाली शासनाने नेमलेल्या समितीने बीड जिल्ह्यातील सुमारे ८२ हजार ऊसतोड कामगार स्त्रियांची पाहणी केली. त्यांपैकी १३ हजारांहून अधिक स्त्रियांची गर्भाशये काढून टाकलेली आढळली. गर्भाशय हा रोगाचा विषय न राहता मजुरीच्या आड येणारा अवयव ठरला, असा या आकड्याचा अर्थ आहे. फडात, कोपीत आणि शस्त्रक्रियेच्या टेबलावर त्या स्त्रियांचे मातृत्व कापले जात असताना राज्यातील एकाही देवीच्या उत्सवात खंड पडला नाही. साखर कारखाना म्हणतो की तोडणी कामगार आमचा नव्हे, मुकादमाचा. मुकादम म्हणतो, आपण तर केवळ मध्यस्थ. मालकच सापडत नसेल तर बाळंतपणाची रजा मागायची कोणाकडे?

वास्तविक या प्रश्नाचे उत्तर महाराष्ट्रातच जवळपास शंभर वर्षांपूर्वी दिले गेले होते. १९२८ साली मुंबई कायदे कौन्सिलात गिरणी कामगार स्त्रियांच्या प्रसूतिलाभाचे विधेयक चर्चेस आले, तेव्हा डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी त्यास पाठिंबा दिला. मातेला प्रसूतीच्या आगेमागे विश्रांती मिळणे हे राष्ट्राच्या हिताचे आहे, म्हणून तिचा भार मुख्यतः शासनाने उचलावा. परंतु स्त्रीच्या श्रमातून नफा मिळवणाऱ्या मालकालाही त्यातून अंग काढून घेता येणार नाही, अशी त्यांची भूमिका होती. १९२९ साली त्या विधेयकाचा कायदा झाला. या देशातील तो अशा प्रकारचा पहिला कायदा. त्या भूमिकेत मातेची आरती नव्हती. तिच्या श्रमाचा हिशेब होता आणि तो कोणी चुकता करावा याचे उत्तर होते.

पुढील कायदेकर्त्यांनी या उत्तरातील शासनाचा वाटा हळूच वगळला. कामगार राज्य विमा योजनेचे क्षेत्र सोडले तर १९६१ च्या प्रसूतिलाभ कायद्याने सारा भार एकट्या मालकावर टाकला. २०१७ साली रजा १२ आठवड्यांवरून २६ आठवड्यांवर नेण्यात आली, तेव्हा त्याचा गाजावाजा पुष्कळ झाला. पण या वाढलेल्या रजेसाठी सरकारी तिजोरीतून एक पैसाही वेगळा काढला गेला नाही. आता नोव्हेंबर २०२५ पासून त्या कायद्याची जागा घेतलेल्या सामाजिक सुरक्षा संहितेतही हीच रचना कायम आहे. परिणाम उघड आहे. तरुण, विवाहित स्त्रीला नोकरी देणे म्हणजे खर्चाला निमंत्रण, असा हिशेब मालकवर्ग करतो आणि तिला दारातूनच परत पाठवतो. हे घडू नये म्हणूनच आंतरराष्ट्रीय श्रम संघटनेच्या २००० सालच्या मातृत्व संरक्षण करारात सामाजिक विमा किंवा सार्वजनिक निधी यांचा आग्रह धरलेला आहे. भारताने त्या करारास मान्यता दिलेली नाही.

शिवाय २६ आठवडे मिळतात कोणाला? कारखाना, खाण, मळा किंवा दहा वा अधिक माणसांची आस्थापना यांच्या हजेरीपटावर जिचे नाव आहे, तिला. शेतमजूर, घरकामगार, विडी वळणारी, भाजी विकणारी अशा बहुसंख्य श्रमिक स्त्रिया या वर्तुळाच्या बाहेर. दिल्ली महानगरपालिकेच्या रोजंदारीवरील स्त्रियांना प्रसूतिरजा मिळावी यासाठी सर्वोच्च न्यायालयाला २००० साली निर्णय द्यावा लागला. म्हणजे एका लोकनियुक्त संस्थेने आपल्याच कष्टकरी स्त्रियांविरुद्ध शेवटच्या पायरीपर्यंत झुंज दिली! वर्तुळाबाहेरच्या स्त्रियांसाठी संसदेने २०१३ च्या अन्नसुरक्षा कायद्यात प्रत्येक गर्भवतीस किमान ६ हजार रुपयांचा हक्क दिला होता. २०१७ साली शासनाने त्याची योजना केली, तिला ‘मातृवंदना’ असे भक्तिभावपूर्ण नाव दिले, रक्कम ५ हजारांवर आणली आणि तीही पहिल्याच अपत्यापुरती मर्यादित केली. २०२२ पासून दुसरे अपत्य मुलगी असेल तरच त्यासाठी ६ हजार मिळतात. हक्क होता तोवर तो प्रत्येकीचा होता. वंदना झाल्याबरोबर त्याला अटी चिकटल्या.

राजकारणात मातृत्वाची जी भाषा चालते तिचे मर्म येथेच आहे. अवनींद्रनाथ ठाकुरांनी १९०५ साली भारतमातेचे चित्र रेखाटले, तेव्हा तिच्या हाती शस्त्र दिले नव्हते. अन्न, वस्त्र, विद्या आणि जपमाळ ही त्या मातेची देणगी होती. काशीतील ज्या भारतमाता मंदिराचे उद्घाटन गांधीजींनी १९३६ साली केले, तेथे मूर्तीऐवजी देशाचा संगमरवरी नकाशा आहे. माता म्हणजे ही भूमी आणि तिच्यावर राबणारी माणसे, असा त्याचा सरळ अर्थ. आज मातेचा जयजयकार न करणाऱ्याची देशभक्ती तपासली जाते. मातेच्या लेकरांचे हाल कोण करतो, याची तपासणी मात्र होत नाही.

याच राजकारणाला स्त्रीचे गर्भाशय हे सरकारी कोठार वाटते. हवे तेव्हा उघडावे, हवे तेव्हा कुलूप लावावे! १९७६ साली महाराष्ट्राच्या विधिमंडळाने सक्तीच्या नसबंदीचे विधेयक मंजूर केले. राष्ट्रपतींची संमती न मिळाल्याने ते अमलात आले नाही. आणीबाणीत पुरुषांवर झालेल्या सक्तीची किंमत सत्ताधाऱ्यांना १९७७ च्या निवडणुकीत मोजावी लागली, आणि त्यातून त्यांनी एवढाच धडा घेतला की, यापुढे पुरुषाला हात लावायचा नाही. २०१९-२१ च्या राष्ट्रीय कुटुंब आरोग्य पाहणीत स्त्री-नसबंदीचे प्रमाण ३७.९ टक्के आणि पुरुष-नसबंदीचे ०.३ टक्के भरले. २०१४ साली छत्तीसगडात बिलासपूरजवळच्या शिबिरात काही तासांत ८३ स्त्रियांवर शस्त्रक्रिया उरकण्यात आल्या आणि १३ स्त्रिया प्राणास मुकल्या. त्याही माताच होत्या.

आता वारे उलटे वाहू लागले आहे. २०२४ साली आंध्रचे मुख्यमंत्री चंद्राबाबू नायडू यांनी अधिक मुलांचा पुरस्कार केला आणि दोहोंहून अधिक अपत्ये असणाऱ्यांना स्थानिक निवडणुकीत मज्जाव करणारी तरतूद त्या राज्याने रद्द केली. त्याच वर्षाच्या अखेरीस नागपुरात सरसंघचालक मोहन भागवत यांनी कुटुंबात किमान तीन मुले असावीत असे प्रतिपादन केले. तिसरे मूल राष्ट्रकार्य आहे म्हणावे, तर तिसऱ्या बाळंतपणाला कायदा २६ ऐवजी १२ च आठवडे का देतो आणि ‘मातृवंदना’ त्याच्या वाटेलाही का जात नाही, याचे उत्तर या उपदेशकांपैकी कोणी दिलेले नाही. दोन पुरेत म्हणणारे आणि तीन हवीत म्हणणारे, या दोघांत मतभेद केवळ आकड्याचा आहे. आकडा ठरवण्याचा अधिकार त्या स्त्रीचा आहे, हे दोघांनाही मान्य नाही. १९२१ साली मुंबईत संततिनियमनाचे केंद्र काढणाऱ्या र. धों. कर्व्यांना समाजाने वाळीत टाकले, ते याच अधिकाराचे नाव त्यांनी घेतले म्हणून.

धर्माचे वर्तन याहून निराळे नाही. जी आई देवासमान, तिलाच बाळंत होताच सुवेराच्या नावाखाली बाजूच्या खोलीत बसवायचे. मातृत्व पवित्र खरे. पण ते पुरुषाच्या नावाखाली आलेले असेल तर! नाहीतर तेच पाप. विधवेच्या पोटातील गर्भाला मारण्यास भाग पाडणाऱ्या धर्ममार्तंडांच्या पुण्यात जोतीराव आणि सावित्रीबाई फुल्यांनी १८६३ साली बालहत्या प्रतिबंधक गृह उघडले, आणि तेथेच जन्मलेल्या एका ब्राह्मण विधवेच्या मुलाला दत्तक घेऊन त्याचे नाव यशवंत ठेवले. सावित्रीबाईंना स्वतःचे अपत्य नव्हते. तरीही मातृत्वाचा अर्थ शिकायचा तर त्यांच्याकडूनच शिकावा लागतो.

आणि कुटुंब? १९५६ च्या कायद्यानुसार हिंदू अज्ञान मुलाचा नैसर्गिक पालक प्रथम पिता आणि ‘त्याच्यानंतर’ माता. १९९९ साली सर्वोच्च न्यायालयाने ‘नंतर’ या शब्दाचा अर्थ उदार केला, पण शब्द तसाच राहिला. मातेच्या चरणी स्वर्ग पाहणाऱ्या मुस्लिम परंपरेतही मुलाच्या मालमत्तेची पालक ती नव्हे. १ मे २०२४ पासून जन्मलेल्यांच्या नावापुढे शासकीय कागदपत्रांत आईचे नाव लावण्याचा निर्णय महाराष्ट्राने घेतला, हे योग्यच झाले. परंतु नाव लागले म्हणून कामाची वाटणी झाली असे नव्हे. २०२४ च्या वेळ-वापर पाहणीनुसार बिनमोल घरकाम करणारी स्त्री दिवसाला सरासरी २८९ मिनिटे राबते आणि पुरुष ८८ मिनिटे. उरलेल्या वेळेत तो मातृदिनाची भाषणे करतो, असे म्हटल्यास फार वावगे ठरणार नाही.

मातृप्रेमाला पैशात मोजू नका, असा आक्षेप यावर हमखास घेतला जातो. तो घेणारे बहुधा ज्यांना पैसे द्यावे लागतील ते असतात. प्रेमाला किंमत नसते, पण दुधाला, औषधाला आणि बुडालेल्या मजुरीला असते. सैनिकाच्या देशप्रेमाचे मोल करता येत नाही म्हणून त्याचा पगार कोणी थांबवत नाही. अंगणवाडी सेविकेला मात्र ‘मातृहृदयी’ म्हणून वेतनाऐवजी मानधन दिले जाते, आणि तिने २०२३ च्या डिसेंबरात संप केला तर तिच्यावर अत्यावश्यक सेवेचा कायदा लावला जातो. सेवा अत्यावश्यक, सेविका मात्र कर्मचारी नव्हे!

तेव्हा मागण्या साध्या आहेत. प्रत्येक श्रमिक स्त्रीला, तिचा मालक सापडो वा न सापडो, अपत्याच्या संख्येची अट न घालता, किमान वेतनाच्या दराने प्रसूतिलाभ मिळाला पाहिजे आणि तो मालकांच्या वर्गणीतून व सरकारी तिजोरीतून उभारलेल्या सार्वजनिक निधीतून दिला गेला पाहिजे. साखरेच्या प्रत्येक पोत्यामागे कारखान्यांकडून या निधीचा वाटा वसूल झाला पाहिजे. ऊसतोड स्त्रीचे नाव स्वतंत्र कामगार म्हणून नोंदले गेले पाहिजे. फडाजवळ पाळणाघर व दवाखाना हवा. आणि बापालाही सक्तीची पितृत्वरजा हवी, म्हणजे मूल दोघांचे असते हे त्याला कळेल.

‘श्यामची आई’ वाचून महाराष्ट्राच्या कित्येक पिढ्या रडल्या. त्या आईला खचवणारे सावकाराचे कर्ज मात्र फार थोड्यांच्या ध्यानात राहिले. अश्रू पुष्कळ वाहून झाले. आता त्या कर्जाचा हिशेब मागायचा आहे.