पडद्यावरील वयाचा हिशेब

‘मदर इंडिया’ (1957) ह्या चित्रपटात नर्गिस सुनील दत्तची आई झाली. दोघांचाही जन्म जून 1929 मधला. आई मुलापेक्षा अवघ्या पाच दिवसांनी वडील! ह्या गणिताचे कोणास नवल वाटले नाही. पुरुषाचे वय मोजावयाचे नाही आणि स्त्रीचे मात्र सोयीप्रमाणे वाढवावयाचे, हा आपल्या चित्रसृष्टीचा जुना रिवाजच आहे.

आपण बंगळुरात राहतो, तेथील चित्रपटही ह्यास अपवाद नाही. ‘बेडर कण्णप्पा’ (1954) मध्ये पंढरीबाई राजकुमारांच्या नायिका होत्या. पुढे त्याच राजकुमारांच्या त्या आई झाल्या. नायक मात्र नायकच राहिला.

ललिता पवारांची कथा ह्याहून कठोर आहे. 1942 साली चित्रीकरणात बसलेल्या थपडेने त्यांच्या डोळ्यास कायमची इजा झाली, आणि ऐन उमेदीतली नायिका पुढे खाष्ट सासू म्हणून घरोघरी ठाऊक झाली. म्हणजे दुखापत आणि वय ह्या दोहोंना शिक्षा एकच! स्त्री उतरणीला लागली की आई होऊन देव्हाऱ्यात बसावयाचे, नाही तर सासू होऊन आरोपीच्या पिंजऱ्यात उभे राहावयाचे. तिसरी जागा नाही.

‘प्रेक्षकांसच हे हवे असते,’ असा निर्मात्यांचा ठरलेला युक्तिवाद असतो. 2023 साली ‘बाईपण भारी देवा’ने तो निकालात काढला. संसारात मुरलेल्या सहा बहिणींची ही गोष्ट पाहावयास बायका घोळक्या-घोळक्यांनी चित्रपटगृहात गेल्या आणि गल्ला 70 कोटींच्या वर गेला.

तरीही विजयाचे नगारे इतक्यात वाजवू नयेत. ‘अग्गंबाई सासूबाई’ (2019) ह्या मालिकेत सासू पुनर्विवाह करते, हे स्वागतार्हच; परंतु तिच्या सुखासाठी पुढाकार घ्यावा लागतो तो सुनेला. प्रौढेने नाचून दाखविले, पुन्हा लग्न केले, थोडक्यात ती तरुण झाली, की आपण टाळ्या पिटतो. तिने आपल्याच वयात राहून जगावे, हे अजून आपल्या पचनी पडत नाही.

ते कसे दाखवावे, ह्याचा धडा ह्याच कन्नड भूमीत गिरवलेला आहे. गिरीश कासरवळ्ळींच्या ‘गुलाबी टॉकीज’ (2008) मधील गुलाबी ही नवऱ्याने टाकलेली, चित्रपटांचे वेड असलेली सुईण. तिचे कसब, तिचा नाद, तिचे एकटेपण हाच कथेचा विषय. तिच्या वयाची तेथे पूजा नाही आणि लपवाछपवीही नाही. उमाश्रींना ह्या भूमिकेसाठी राष्ट्रीय पुरस्कार मिळाला.

म्हणून वाचकांस एकच विनंती. पुढचा चित्रपट पाहताना पडद्यावरील आईविषयी एवढेच विचारावे : मुलगा समोर नसतो तेव्हा ही बाई काय करते? उत्तर ‘त्याची वाट पाहते’ एवढेच असेल, तर तो चित्रपट 2026 चा असला तरी 1957 चाच समजावा. आणि तिकिटाचे पैसे देऊन त्याला जिवंत ठेवणारे आपणच, हेही विसरू नये.