आरोपीच्या पिंजऱ्यात कोण?

लॅमिंग्टन रोडवरील आमच्या कचेरीत परवा आमच्याच समाजातील एक सद्गृहस्थ आले. त्यांच्या कन्येच्या संगणकावर त्यांना एक जपानी खेळ आढळला होता, आणि त्यावर बंदी यावी म्हणून आम्ही कोर्टात अर्ज करावा, असा त्यांचा आग्रह होता. देवळाच्या सभामंडपातही हाच सूर आमच्या कानी आला आहे. म्हणून आमचे मत जाहीरपणे मांडणे आम्हांस अगत्याचे वाटते.

'नीडी स्ट्रीमर ओव्हरलोड' हा खेळ जानेवारी २०२२ मध्ये प्रसिद्ध झाला. जादूचे सामर्थ्य लाभलेल्या मुलींच्या कथा जपानी दूरचित्रवाणीवर १९६६ पासून चालत आल्या आहेत. या खेळातील आमे नावाची तरुणी त्याच थाटाचा पोशाख व केसांचा टोप चढवून कॅमेऱ्यापुढे देवदूत बनते. तीस दिवसांत दहा लक्ष चाहते मिळवायचे. खेळणाऱ्याने तिचा दिनक्रम ठरवायचा आणि तिचा ताण, जिव्हाळा व मनातील काळोख यांचे आकडे सांभाळायचे. चाहते वाढत जातात आणि मुलगी आतून खचत जाते. औषधांचा अतिरेक, स्वतःस इजा करणे, हेही त्यात आहे. लहान मुलांच्या हाती असा खेळ पडू नये, हे आम्हांसही मान्य आहे.

परंतु बंदी कोणत्या आधारावर मागावी? २०२५ चा केंद्रीय ऑनलाइन गेमिंग कायदा पैसे लावून खेळल्या जाणाऱ्या खेळांना मनाई करतो. येथे तर पैजच नाही. 'ही परकी विकृती' हा आरोपही टिकत नाही. खचलेल्या मनाच्या तरुणांसाठी जपानी पिढीने 'मेनहेरा' असा शब्द तरी घडवला. आपल्या घरांत त्याच दुःखाला 'थेरे' म्हणतात.

आणि आकड्यांचे वेड जपानातून आले काय? गुणवंतांच्या सत्कारात शाल, श्रीफळ आणि टाळ्या कोणासाठी असतात, आणि मागच्या रांगेत मान खाली घालून कोण बसते, हे वाचकांनी आठवून पाहावे. टक्के वाढवा, मनाचे पुढे पाहू, हाच आपलाही डाव! खेळात निदान काळोखाचा आकडा पडद्यावर दिसतो. घरात तोही दिसत नाही.

ज्या गीतेचे आपण नित्य पारायण करतो, तिचा पहिला अध्यायच विषादाचा आहे, आणि त्यालाही 'योग' म्हटले आहे. भगवंतांनी अर्जुनाची कानउघाडणी केली खरी. पण गांडीव टाकून तो खाली बसेपर्यंतचे त्याचे सारे बोलणे आधी ऐकून घेतले. आपण मात्र कानउघाडणीपासूनच आरंभ करतो.

कायदा आपल्या पुढे गेला आहे. २०१७ च्या मानसिक आरोग्य कायद्याच्या कलम ११५ प्रमाणे आत्महत्येचा प्रयत्न करणारी व्यक्ती तीव्र तणावाखाली होती असे गृहीत धरले जाते, आणि तिच्या उपचाराची व्यवस्था करणे हे सरकारचे कर्तव्य ठरते. धारवाडला 'डिमहान्स'सारखी मनोरुग्णोपचाराची संस्था आहे. १४४१६ या 'टेली-मानस' क्रमांकावर विनामूल्य सल्ला मिळतो. हा क्रमांक आमच्या किती देवळांच्या सूचनाफलकांवर लिहिला आहे?

त्या गृहस्थांस आम्ही अर्ज लिहून दिला नाही. आज रात्री कन्येजवळ बसा, तो खेळ आपणांस दाखवण्यास तिला सांगा, आणि ती बोलू लागली की मध्ये बोलू नका, एवढेच आम्ही त्यांना सुचविले.