पुस्तकांशी गप्पा : दोन घरांचा लेखक

हेन्री जेम्स १८४३ साली न्यूयॉर्कमध्ये जन्मला आणि १८७६ पासून इंग्लंडमध्येच रमला. त्याच्या ‘डेझी मिलर’मधली मोकळी अमेरिकन मुलगी रोममध्ये एका इटालियन तरुणाबरोबर फिरते, एवढ्यावरून तिथे स्थायिक झालेले अमेरिकनच तिला वाळीत टाकतात. परक्या गावात आपलीच माणसं जास्त सोवळी होतात, हे जेम्सने अचूक हेरलं.

१९०४ मध्ये वीसेक वर्षांनी तो मायदेशी गेला, तर जन्मघर पाडलेलं होतं. १९१५ मध्ये त्याने ब्रिटिश नागरिकत्व घेतलं, पुढच्याच वर्षी तो गेला. अस्थी मात्र अमेरिकेत, आपल्या माणसांजवळ विसावल्या.

‘डेझी मिलर’ छोटीशीच आहे, जरूर वाचा. वाचताना आपल्या मंडळातल्या एखाद्या काकू आठवल्या, तर हसू दाबू नका!