फाइल बंद झाली म्हणून मुकाट बसायचं?

फुलसावंगीच्या बाजाराच्या दिवशी एक मावशी आमच्याकडे आली. पिशवीतून घड्या पडलेला कागद काढून म्हणाली, "ताई, यावर माही सही घेतली. काय लिवलं हाये यात?" तिची लेक लग्नानंतर दोनच वर्षांत सासरच्या विहिरीत सापडली होती. कागद होता कोर्टाच्या नोटिशीचा. पुरावा मिळत नाही म्हणून पोलिसांनी समरी अहवाल पाठवला आहे, हरकत असल्यास अमुक तारखेला हजर राहावे. तारीख नऊ दिवसांवर आली होती.

मैत्रिणींनो, असा कागद पाहिला की आपल्यातल्या जुन्या कार्यकर्तीही म्हणतात, "संपलं आता." ते खरं नाही. आपल्याकडे पोलीस 'अ' समरी मागतात तेव्हा गुन्हा खरा पण छडा लागला नाही, असं म्हणतात. 'ब' म्हणजे तक्रारच खोटी. 'क' म्हणजे गैरसमजातून झालेली किंवा दिवाणी स्वरूपाची. पण समरी मागणं पोलिसांचं काम, मंजूर करायची की नाही ते मॅजिस्ट्रेट ठरवतात. आणि फिर्यादीचं म्हणणं ऐकल्याशिवाय ती मंजूर करता येत नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने १९८५ सालीच भगवंत सिंग खटल्यात सांगितलं आहे. मावशीच्या हातातली नोटीस ही कुणाची मेहरबानी नव्हती.

बिल्किस बानोचं प्रकरण आठवा. ३ मार्च २००२ ला गुजरातेत दाहोद जिल्ह्यात तिच्यावर सामूहिक बलात्कार झाला, तेव्हा ती पाच महिन्यांची गरोदर होती. तिची तीन वर्षांची मुलगी आणि घरची माणसं तिच्यासमोर मारली गेली. तिनं नावं घेऊन सांगितलं. तरी आरोपी सापडत नाहीत असा अहवाल गेला आणि मार्च २००३ मध्ये मॅजिस्ट्रेटनं तो स्वीकारलाही! ती सर्वोच्च न्यायालयात गेली. डिसेंबर २००३ मध्ये तपास सीबीआयकडे आला. पुरलेले मृतदेह उकरून काढले गेले. खटला मुंबईत आणला गेला. २००८ मध्ये अकरा जणांना जन्मठेप झाली, आणि २०१७ मध्ये मुंबई उच्च न्यायालयाने पुरावा दडपणाऱ्या पोलिसांना आणि डॉक्टरांनाही दोषी ठरवलं. पहिला तपास नुसता ढिला नव्हता, तो गुन्ह्याचाच भाग होता.

म्हणून आपणही लगेच "सीबीआय चौकशी झालीच पाहिजे" असा फलक रंगवतो. इथे माझा आपल्याच मंडळींशी वाद आहे. सीबीआयला तपास देण्याचा अधिकार तालुक्याच्या मॅजिस्ट्रेटला नाही. पहिला तपास बाजूला सारून नव्याने तपास करा, असं सांगण्याचा अधिकारही उच्च न्यायालयाचा. म्हणजे आपल्याला नागपूर खंडपीठ. मॅजिस्ट्रेट 'अधिक तपास' सांगू शकतात आणि त्यावर लक्षही ठेवू शकतात. तेव्हा आधी तिथेच हरकत अर्ज नीट द्यायला हवा. मोर्चा जरूर काढू, पण "तपास बरोबर झाला नाही" एवढ्या वाक्यावर कोर्ट काय करणार? काय केलं नाही ते लिहून दाखवावं लागतं.

आम्ही मावशीजवळ दोन संध्याकाळी बसलो. लेकीनं ज्या शेजारणीला मारहाण सांगितली होती, तिचा जबाब नाही. माहेरी केलेल्या फोनची नोंद मागवलेली नाही. लग्नाला सात वर्षं झाली नसताना असा मृत्यू झाला तर पंचनामा कार्यकारी दंडाधिकाऱ्यांनी करायचा असतो. तो त्यांनी केला की नाही, कागदावर कळत नाही. वकीलबाईंनी तेवढ्यावरच पाच पानी अर्ज केला. विधी सेवा समितीकडून वकील फुकट मिळतो, हेही मावशीला कुणी सांगितलं नव्हतं.

अर्ज दाखल झाला, पोलिसांचं म्हणणं यायचं आहे. पुढच्या तारखेला मावशी येणार. एस.टी.चं तिकीट बायकांना अर्धं आहे, पण कापूस वेचणीचा रोज बुडेल. तो आमच्या गटाने वर्गणी करून द्यायचं ठरवलं आहे.